माळा आणि पेनिसिलिन

दिवाळी जवळ आली की ठाण्याच्या बाजारपेठेत चिनी माळांवर बहिष्काराची चर्चा रंगते. माळ नाही घेतली तर कुणाचं काही अडत नाही. चीनचं खरं वजन न्हावाशेव्याला उतरणाऱ्या बल्क ड्रगमध्ये, म्हणजे औषधाच्या मूळ घटकात आहे. पेनिसिलिन-जी आणि त्यापासून होणारं 6-एपीए, हा अमॉक्सिसिलिन या नेहमीच्या अँटिबायोटिकचा गाभा. कॅप्सूल आपण भरतो, गाभा बराचसा तिकडून येतो.

यात गुपित काही नाही. पिंपरीच्या हिंदुस्थान अँटिबायोटिक्सने पन्नासच्या दशकातच पेनिसिलिन बनवलं होतं. घोडं अडतं खर्चापाशी. पेनिसिलिन तयार करणाऱ्या बुरशीला जवळपास आठवडाभर सुमारे 25 अंश तापमान लागतं. मे महिन्यात तुर्भ्याला ते राखायचं तर चिलर रात्रंदिवस चालवा. निर्जंतुक हवा अखंड सोडावी लागते, कॉम्प्रेसर थांबला की बुरशी गुदमरते. साखर एकदम ओतली तर बुरशी नुसतीच फोफावते, पेनिसिलिन देत नाही. म्हणून साखर हळूहळू द्यायची. परका जिवाणू शिरला तर तयार झालेलं पेनिसिलिनच तोडून टाकतो आणि बॅच वाया जाते. चीनने अवाढव्य फर्मेंटर, म्हणजे बुरशी वाढवायच्या टाक्या उभारल्या, मक्याची साखर, वीज, वाफ स्वस्तात पुरवली आणि भाव इतके पाडले की आपले फर्मेंटर थंड झाले.

युरोपातही तेच झालं. तगला तो ऑस्ट्रियातला कुंडलचा कारखाना, तोही फुकट नाही. 2020 मध्ये सरकारने सुमारे 5 कोटी युरो देऊ केले आणि बदल्यात किमान दहा वर्षं उत्पादन तिथेच ठेवण्याची हमी घेतली. तरीही 2022-23 च्या हिवाळ्यात शेजारच्या जर्मनीत मुलांच्या अँटिबायोटिक सिरपची टंचाई झालीच. मग 2023 मध्ये जर्मनीने खरेदीचा नियम बदलला: आरोग्य विम्याच्या निविदांमध्ये युरोपात बनलेल्या अँटिबायोटिक घटकालाही जागा ठेवायची.

मला हे दुसरं, खरेदीच्या नियमाचं पाऊल जास्त मोलाचं वाटतं. आपल्याकडे बल्क ड्रगसाठी 2020 ची 6,940 कोटींची प्रोत्साहन योजना आहे, काकीनाड्याला 2024 मध्ये पेनिसिलिन-जी सुरूही झालं. पण माल घेणार कोण? ठाणे, नवी मुंबई महापालिकांनी औषधांच्या निविदेत 6-एपीए कुठलं, एवढं एक कलम घालावं, देशी गाभ्याच्या औषधाला ठरावीक हिस्सा राखावा. दर थोडा चढेल; तो अर्थसंकल्पात उघड दाखवावा.