रजेचे कारण : पिकॉर्नाव्हिरिडी

सर्दी हा आजार आहे, हे ज्याला ती झालीय त्यालाच फक्त मान्य असतं. बाकीचं जग त्याच्याकडे ‘नाक पूस आणि कामाला लाग’ अशा नजरेनं बघतं. पाय मोडला तर प्लास्टर दिसतं, कावीळ झाली तर डोळे पिवळे दिसतात. सर्दीत दाखवण्यासारखं एकच, नाक, आणि ते कोणाला बघायचं नसतं.

त्यात ही बया ताप येऊ देत नाही. मोठ्या माणसांना साध्या सर्दीत सहसा ताप चढत नाही, त्यामुळे थर्मामीटरसुद्धा आपल्या बाजूनं साक्ष द्यायला तयार नसतो. डोकं जड, डोळ्यांना धार, घशात काटे, आणि पारा जागच्या जागी ढिम्म. अशा अवस्थेत मी साहेबांना फोन केला.

“सर, बला बरं दाही.”

“कसली बला?”

“बला सर्दी झालीय.”

“मग या की ऑफिसला. सर्दी काय, सगळ्यांनाच होते.”

सगळ्यांना होते म्हणून ती किरकोळ, हे तर्कशास्त्र मला कधी पचलेलं नाही. मरणही सगळ्यांनाच येतं, तरी त्या दिवशी ऑफिसला या असं कोणी म्हणत नाही. (आमचे साहेब म्हणतीलही. ‘अर्धा दिवस तरी या’ असं.)

रजेच्या अर्जात ‘कारण’ नावाचा एक रकाना असतो. त्यात ‘सर्दी’ लिहून बघा. अर्ज लिहिणाऱ्यालाच लाज वाटते. माझ्या शेजारच्या टेबलावरच्या गृहस्थांनी मागे तिथे ‘सर्व्हायकल स्पॉन्डिलायटिस’ असं लिहिलं होतं. त्यांची मान दुखत होती एवढंच, पण ते वाचताना साहेबांची मान आपोआप खाली गेली आणि सही झाली. रजा आजाराला मिळत नाही, नावाला मिळते, हे तेव्हाच माझ्या ध्यानात आलं होतं.

माझी भाची सूक्ष्मजीवशास्त्र शिकते. तिला फोन लावला आणि सर्दीसाठी एखादं भारदस्त नाव मागितलं.

“मामा, सर्दी आणणारे विषाणू दोनशेच्या वर आहेत,” ती म्हणाली. “पण बहुतेक वेळा रायनोव्हायरसच असतो. त्याचेच दीडशेच्या वर प्रकार आहेत.”

रायनो ऐकून मला एकदम धीर आला. गेंडा! अंगावर गेंडा आला म्हटल्यावर कोण रजा नाकारेल?

“गेंडा नाही. ऱ्हिस म्हणजे ग्रीकमध्ये नाक. गेंड्याच्या नाकावर शिंग असतं म्हणून त्यालाही ते नाव पडलं.”

म्हणजे ‘नाकातला विषाणू’. एवढं तर मलाही सुचलं असतं, त्यासाठी ग्रीकांना कशाला उठवायचं? मी विचारलं, याच्या वरचं काही? याच्या घराण्याचं नाव?

“आहे ना. कुळ पिकॉर्नाव्हिरिडी.”

अहाहा! नाव असावं तर असं. नुसतं ऐकूनच अंथरुणातून उठवेना. मी लगेच म्हणून बघितलं. “पिकॉर्डाव्हिरिडी.”

“र्ना, मामा.”

“तेच म्हणतोय. र्डा.”

नाक बंद असलेल्या माणसाला ज्याचा उच्चार येणार नाही, असं नाव सर्दीच्याच कुळाला द्यावं, यात मला शास्त्रज्ञांचा खोडसाळपणा दिसतो. तरी तोवर अर्थ कळला नव्हता. अर्थ कळला आणि उरलासुरला तोराही गेला. ‘पिको’ म्हणजे अगदी चिमुकला. पुढचं ‘र्ना’ म्हणजे आरएनए, विषाणूच्या पोटातलं जनुकीय द्रव्य. आणि ‘व्हिरिडी’ हे शेपूट विषाणूंच्या प्रत्येक कुळाच्या नावाला लावायचं असा नियमच आहे. एकूण काय, ‘चिमुकल्या आरएनएवाल्यांचं कुळ’. मी मागायला गेलो होतो हत्ती, हातात आली मुंगी.

बरं, चिमुकला तरी किती? मोजमापात पिको म्हणजे एकाचा एक लाख कोटीवा भाग. हा विषाणू असतो सुमारे तीस नॅनोमीटरचा, म्हणजे तीस हजार पिकोमीटरचा. त्याला पिको म्हणणं म्हणजे सहा फुटी मुलाला घरात अजून ‘छोटू’ म्हणत राहण्यापैकी आहे. आत आरएनएची जेमतेम सात हजार अक्षरं, वर प्रथिनांचं वीस पैलूंचं कवच, संपला विषाणू. एवढ्या अक्षरांत मला धड एक लेख जमत नाही, आणि यानं अख्खा माणूस आडवा केला.

नाव १९६०च्या दशकाच्या सुरुवातीचं. त्याची आणखी एक फोड सांगतात, ती मला जास्त आवडली. पोलिओचा पी, ईथरला दाद न देण्याच्या गुणाचा (इन्सेन्सिटिव्हिटीचा) आय, कॉक्सॅकीचा सी, ऑर्फनचा ओ, आणि शेवटी आरएनए, ज्यातला आर रायनोलाही चालतो. ईथर चरबी विरघळवतं. ज्या विषाणूंच्या अंगावर चरबीचं आवरण असतं ते ईथर लागलं की संपतात. आमच्या कुळाला आवरणच नाही, त्यामुळे ईथरची भीती नाही. हे वाचून आवरणवाल्यांबद्दल क्षणभर तुच्छता वाटली, हे मान्य करतो.

कॉक्सॅकी हे न्यूयॉर्क राज्यातलं गाव. तिथल्या मुलांच्या नमुन्यांत १९४८च्या सुमारास हे विषाणू सापडले आणि गावाचं नाव कायमचं चिकटलं. पण ऑर्फन, म्हणजे अनाथ, ही भानगड बघण्यासारखी आहे. पोलिओचा शोध चालू असताना माणसांच्या विष्ठेत असे काही विषाणू सापडले की ज्यांच्यामुळे कुठलाच आजार होताना दिसेना. आजार नाही म्हणजे आई-बाप नाहीत, असं धरून शास्त्रज्ञांनी त्यांना अनाथ ठरवलं आणि ‘एको’ या नावात तो अनाथपणा कोंबला. पुढे यातले कित्येकजण मेंदूच्या आवरणाला सूज आणतात असं निघालं, तरी अनाथ हे नाव कोणी काढलं नाही. माझ्याकडे आजार आहे आणि नाव नाही. यांच्याकडे आजार नव्हता तेव्हासुद्धा नाव होतं.

मग मी इतर कुळांची चौकशी करत बसलो. नाक चोंदलेल्या माणसाला झोप लागत नाही, त्यामुळे वेळ मुबलक होता. दुसऱ्यांचं ऐश्वर्य बघू नये म्हणतात ते उगाच नाही. कोरोनाला १९६८ साली नाव दिलं ते सूर्याच्या प्रभामंडळावरून. सूक्ष्मदर्शकाखाली कडेनं तशी झालर दिसली म्हणून. टोगाव्हिरिडी, कारण त्यांच्या अंगावर रोमन लोकांच्या झग्यासारखं आवरण. फ्लेव्हिव्हिरिडी, म्हणजे पिवळे, कारण पीतज्वर त्यांच्यातला. एबोलाचं फिलोव्हिरिडी, म्हणजे धागेवाले. अरेनाव्हिरिडी म्हणजे वाळूवाले, पोटात वाळूचे कण पसरल्यासारखे ठिपके दिसतात. कोणाला सूर्य, कोणाला रेशमी धागा, कोणाला रोमन झगा. आम्हाला ‘छोटू’.

रुबेलाच्या विषाणूची तर बदलीच झाली. आधी तो टोगावाल्यांत होता, मग त्याच्यासाठी मॅटोनाव्हिरिडी असं वेगळं कुळ काढलं. १८१४ साली जॉर्ज मॅटन नावाच्या डॉक्टरांनी हा वेगळा आजार आहे असं ओळखलं होतं, त्यांच्या नावानं. दोनशे वर्षांनी का होईना, बढती मिळाली.

पण खरा संताप आला तो फ्लूच्या कुळाचं नाव ऐकून. ऑर्थोमिक्झोव्हिरिडी. ‘मिक्झा’ म्हणजे ग्रीकमध्ये शेंबूड, आणि ‘ऑर्थो’ म्हणजे सरळ, अस्सल. अस्सल शेंबूड! गोवर आणि गालगुंडाच्या कुळाला पॅरामिक्झोव्हिरिडी म्हणतात, ‘पॅरा’ म्हणजे शेजारचा. आता मला सांगा, फ्लूमध्ये माणूस तापानं फणफणतो, अंग ठणकतं, सगळे त्याची विचारपूस करतात, रजाही मिळते. गोवरात अंगावर पुरळ येतं. नाक गळतं ते माझं. शेंबूड आमचा आणि किताब त्यांचा.

नदीचं मूळ आणि ऋषीचं कूळ विचारू नये, असं आपल्याकडे म्हणतात. विषाणूवाल्यांनी दोन्ही विचारलं, आणि एकाच वेळी. एबोला ही काँगोमधली नदी, १९७६ साली साथ आली तेव्हा तिचं नाव विषाणूला दिलं. हंता हे कोरियातल्या हंतान नदीवरून. नदी बिचारी आपली वाहत असते. गावांना मात्र राग येतो. १९९३ साली अमेरिकेच्या नैर्ऋत्य भागात हंताच्या जातीचा नवा विषाणू सापडला. त्याला तिथल्या जागेचं नाव द्यायचं घाटत होतं, लोकांनी हरकत घेतली. शेवटी त्याचं नाव ठेवलं ‘सिन नोम्ब्रे’, स्पॅनिशमध्ये ‘बिननावाचा’. बिननावाचा हेच नाव, तेही रीतसर. सरकारी कामाचा अनुभव असलेल्या कोणाही माणसाला यात आपलेपणा वाटेल.

हा सगळा नावांचा कारभार बघायला एक आंतरराष्ट्रीय समिती आहे, १९६६ साली मॉस्कोच्या परिषदेत नेमलेली. तिचे नियम माझ्या भाचीला पाठ आहेत. मी तिला अर्जाचा मजकूर वाचून दाखवला : ‘मला पिकॉर्नाव्हिरिडी झाल्यामुळे...’

“कुळ होत नाही कोणाला, मामा.”

“म्हणजे?”

“कुळ ही वर्गीकरणातली कल्पना आहे. कल्पना नाकात शिरत नाही. शिरतो तो विषाणू. ‘पिकॉर्नाव्हिरिडी कुळातील विषाणूचा संसर्ग’ असं लिही. आणि रोमन लिपीत लिहिणार असशील तर पहिलं अक्षर मोठं आणि अक्षरं तिरकी.”

देवनागरीत मोठं अक्षर नाही, आणि मी स्वतःच तिरका पडलो होतो, त्यामुळे तो नियम सोडून दिला. पण जाता जाता तिनं आणखी एक सांगितलं ज्यानं मी उठून बसलो. कुळाच्या खाली प्रजाती असते, आणि प्रजातीच्या खाली जाती. पूर्वी रायनोची स्वतंत्र प्रजाती होती. मग जनुकं ताडून बघितल्यावर समितीनं तिला एन्टेरोव्हायरसमध्ये विलीन केलं. एन्टेरॉन म्हणजे आतडं. आणि २०२१ साली सगळ्या जातींना दोन शब्दी नावं द्यायचं ठरल्यानंतर माझ्या सर्दीवाल्याच्या एका जातीचं नाव झालं एन्टेरोव्हायरस अल्फारायनो. आतड्याचा नाकवाला! गंमत अशी की रायनोला आम्ल सोसत नाही, पोटात गेला की मरतो. त्याला नाकातली तेहतीस अंशांची गारवट हवा लागते. ज्या आतड्यापर्यंत तो जिवंत पोचू शकत नाही त्याचं नाव मात्र आयुष्यभर मिरवायचं. कागदावरची बदली झाली, बिऱ्हाड नाकातच.

सर्दीला मान देणारी माणसं एकदाच होऊन गेली म्हणायची. इंग्लंडात सॉल्झबरीजवळ १९४६पासून पुढे चारेक दशकं एक संशोधन केंद्र चालत होतं, खास सर्दीसाठी. तिथे लोक हौसेनं सर्दी करून घ्यायला जायचे. राहणं-खाणं फुकट, वर थोडा हातखर्च. कित्येकजण तर सुट्टी म्हणूनच जायचे. म्हणजे ते सुट्टी काढून सर्दी घेत, आणि मी सर्दी घेऊन सुट्टी मागतोय.

असो. भाचीच्या नियमाप्रमाणे शुद्ध अर्ज पाठवला. संध्याकाळी साहेबांचाच फोन. आवाज बदललेला.

“ते कुळ मी शोधून बघितलं. पोलिओ आहे त्यात.”

“हो सर. अ प्रकारची कावीळपण आहे.”

“आणि लाळ्या-खुरकूत?”

तेही आहे. प्राण्यांमध्ये विषाणूमुळे रोग होतो हे पहिल्यांदा सिद्ध झालं ते त्याच्याच बाबतीत, १८९८ साली. हे मी त्यांना सांगणार होतो, पण त्यांचा सूर ऐकून थांबलो.

“ते गुरांना होतं ना?”

“हो सर. कुळ एकच.”

पलीकडे बराच वेळ काही ऐकू आलं नाही. मग साहेबांनी जरा चाचरत विचारलं, “मग तुमच्या... पायांना वगैरे...?”

“दाही सर. पाय ठीक आहेत.”

“तरीपण या आठवड्यात येऊ नका.”

रजा मंजूर झाली ती माझ्या नाकामुळे नव्हे, एका अनोळखी गुरामुळे. माझी हरकत नाही. मोठ्या घराण्याचा असा कुठे तरी उपयोग व्हायचाच.

बातमी ऑफिसात पसरायला काय लागतं? परत गेलो तर टेबलाशी रांग. एकाला कंबरदुखीसाठी लॅटिन हवं होतं. त्याला सांगितलं की मी फक्त विषाणूंचं बघतो. एकाला पोट बिघडल्याबद्दल काही तरी हवं होतं, त्याला नोरोव्हायरस देऊन वाटेला लावलं. मग हिशेब विभागातल्या बाई आल्या. त्यांच्या मुलाला कांजिण्या झाल्या होत्या आणि त्यांना घरी थांबायचं होतं. नुसतं कांजिण्या लिहिलं तर साहेब म्हणतील, आजीकडे ठेवा.

“असं काही सांगा की वाचूनच सही करतील,” त्या म्हणाल्या.

मी म्हटलं, कुळ उत्तम आहे, जुनं आहे, ‘हर्पेइन’ म्हणजे सरपटणे या ग्रीक शब्दावरून आलंय. लिहून घ्या, ऑर्थोहर्पिसव्हिरिडी.

त्यांचं पेन तिथेच थांबलं. आजूबाजूला कोणी ऐकलं का ते त्यांनी आधी बघून घेतलं.

“नको,” त्या म्हणाल्या, “मी आपलं कांजिण्याच लिहिते.”