पडदा समोर असताना जसदेव सिंग एवढं का बोलायचे?

नमस्कार काका,

तुमचा आक्षेप असा की हॉकीचे हिंदी समालोचक जसदेव सिंग मुळात आकाशवाणीचे. दूरदर्शनवर आल्यावरही ते रेडिओसारखेच अखंड बोलत राहिले. समोर दिसतंय तेच तोंडानं सांगण्यात कसलं कौशल्य? म्हणून त्यांना टीव्हीवरचा मोठा समालोचक म्हणू नये. मला हे मान्य नाही.

दिसत होतं म्हणता, पण कुणाला? मुंबई दूरदर्शन १९७२ साली सुरू झालं. आपल्या मराठवाड्यात बहुतेक गावांना टीव्हीचं तोंड दिसलं ते १९८३ मध्ये इन्सॅट-१बी हा उपग्रह वर गेल्यावर, ठिकठिकाणी छोटी प्रक्षेपण केंद्रं उभी राहिली तेव्हा. गल्लीत एखादा सेट, तोही ब्लॅक अँड व्हाइट. पोरं पुढं सतरंजीवर, बायका दारात, बाकीचे खिडकीशी. एक जण माळवदावर अँटेना फिरवतोय आणि खालून ओरडा, "आलं, आलं... गेलं!" पडद्यावर नुसत्या मुंग्या. त्यात हॉकीचा चेंडू काय दिसणार? चेंडू कुणाकडं आहे, उजवीकडून कोण घुसलं, पेनल्टी कॉर्नर मिळाला का, हे खिडकीतल्या माणसाला कानानंच कळायचं. तुम्ही नांदेडचे, गुरु गोविंदसिंघजींच्या नावाची हॉकी स्पर्धा मैदानाच्या कडेला उभं राहून पाहिलेली माणसं तुमच्याकडं घरोघरी. त्यांना हा खेळ किती झपाट्यानं फिरतो ते मी काय सांगू!

त्या झपाट्याला पुरणारी जीभ जसदेव सिंगांकडं होती. १५ मार्च १९७५ ला क्वालालंपूरला आपण पाकिस्तानला २-१ नं हरवून विश्वचषक जिंकला, तेव्हा देशानं तो सामना रेडिओवर त्यांच्याच आवाजात ऐकला. पुढं नऊ ऑलिंपिकपर्यंत त्यांची मजल गेली.

आणि भाषा! १९४८ साली गांधीजींच्या अंत्ययात्रेचं आकाशवाणीचे निवेदक मेलव्हिल डिमेलो यांनी केलेलं इंग्रजी वर्णन ऐकून त्यांनी ठरवलं, आपण हे हिंदीतून करायचं. ती हिंदी उर्दूच्या वळणाची. निजामाच्या राज्यात उर्दूतून शिकलेली आपल्याकडची म्हातारी माणसं इंग्रजी समालोचन सुरू झालं की पान लावायला घ्यायची, आणि हा आवाज आला की पुन्हा पडद्याकडं वळायची. त्यांच्या शाळेतली भाषा दिल्लीहून त्यांना ऐकू येत होती. मला ही फार मोठी गोष्ट वाटते, आणि तुमच्या प्रतिक्रियेत तिचा उल्लेखही नाही.

समालोचकानं गप्प राहावं ही अपेक्षा आज रास्त आहे. आज डझनभर कॅमेरे असतात, रिप्ले असतो, गुणफलक कोपऱ्यात कायम असतो.

ऑलिंपिकच्या उद्घाटनात संगीत चालू असताना त्यांनी थांबायला हवं होतं, हे तुमचं म्हणणं मात्र पटतं. हॉकीच्या बाबतीत नाही.