धोट्याला तोंड कोणी लावायचं? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

गिरणगावावरच्या, म्हणजे मुंबईतल्या कापड गिरण्यांच्या कामगार वस्तीवरच्या, माझ्या लेखावर तुम्ही दोन आक्षेप घेतलेत. पहिला असा, की १९८२च्या संपाने गिरण्या बुडाल्या, तुमच्या वडिलांची नोकरी त्यातच गेली, आणि मी मात्र सगळं खापर मालकांच्या डोक्यावर फोडलं. दुसरा आक्षेप तुम्ही एकाच ओळीत लिहिलात : ‘तुमच्या लेखातली एकजूट माझ्या आजोबांनी पाहिली नाही, कारण त्यांना मागाजवळ फिरकू दिलं जात नव्हतं.’

पहिल्या आक्षेपावर मला तुमच्याशी वाद घालायचा आहे. दुसरा मान्य आहे, पूर्ण मान्य. म्हणून आधी त्याबद्दल लिहितो.

माझे आजोबा विणाई खात्यात होते. लहानपणी ते मला धोट्याची, म्हणजे मागावर आडवा धागा इकडून तिकडे नेणाऱ्या लाकडी साधनाची, गोष्ट सांगायचे. धोट्यातली कांडी, म्हणजे धागा गुंडाळलेली नळी, संपली की विणकर नवी कांडी बसवायचा आणि तिचा धागा बाहेर काढण्यासाठी धोट्याच्या बारीक भोकाला तोंड लावून श्वास आत ओढायचा. धाग्याबरोबर कापसाची तूसही तोंडात यायची. दिवसभरात हे किती वेळा करावं लागे, याची मोजदाद नाही. आजोबा खोकत खोकत हे सांगायचे आणि मी ऐकायचो. पण या गोष्टीचा अर्धा भाग त्यांनी मला कधीच सांगितला नाही. धोटा एकाच माणसाचा राहत नसे, पाळी बदलली की तो दुसऱ्याच्या हातात जाई. ज्या धोट्याला दलित कामगाराचं तोंड लागलं त्याला आम्ही तोंड लावणार नाही, असं सवर्ण विणकरांचं म्हणणं होतं. तेवढ्यावर विणाई खातं दलितांना बंद झालं. गिरणीत बरा पगार त्याच खात्यात मिळायचा. दलितांच्या वाट्याला कताई आली, सूत कातणाऱ्या रिंग यंत्रावरचं काम आलं, म्हणजे धूळ तीच आणि पैसे कमी.

हा नियम कुठल्या पाटीवर लिहिलेला नव्हता. लिहायची गरजच नव्हती, कारण भरती जॉबरच्या, म्हणजे खात्यातल्या मुकादमाच्या, हातात होती. जॉबर आपल्या गावचा, आपल्या भावकीतला माणूस आणायचा, त्याच्याकडून दस्तुरी, म्हणजे काम दिल्याचे पैसे, घ्यायचा, आणि कोणाचा खाडा झाला तर त्याच्या जागी बदलीवर कोणाला उभं करायचं तेही तोच ठरवायचा. रत्नागिरीहून, साताऱ्याहून आलेला माणूस मुंबईत उघडा पडला नाही तो या नात्यांमुळेच. माझ्या लेखात मी गावकीच्या खोल्यांबद्दल भरभरून लिहिलं, दहा बाय बाराच्या खोलीत पाळीपाळीने झोपणाऱ्या माणसांबद्दल लिहिलं, उधारीवर जेवू घालून संप तगवणाऱ्या खानावळवाल्या बायकांबद्दल लिहिलं. त्यातलं एकही वाक्य मी मागे घेत नाही. पण ज्या भावकीने माझ्या आजोबांना गिरणीचं दार उघडून दिलं, तिनेच तुमच्या आजोबांना विणाई खात्याच्या दारात अडवलं. हे मी लिहायला हवं होतं.

आणि मला ते माहीत नव्हतं असंही नाही. १९२८च्या सहा महिन्यांच्या संपावर मी दीड पान लिहिलं. दोन मागांऐवजी तीन माग सांभाळा, कताईत एका बाजूऐवजी दोन बाजू सांभाळा, अशी मालकांची योजना होती आणि त्याविरुद्ध सगळं गिरणगाव बाहेर पडलं. ऐन संपात लालबावट्याची, म्हणजे कम्युनिस्टांची, गिरणी कामगार युनियन उभी राहिली, तेही मी लिहिलं. त्याच संपात बाबासाहेब आंबेडकरांनी पुढाऱ्यांना बजावलं होतं, की अस्पृश्य कामगारांना सगळ्या खात्यांत काम करण्याचा हक्क ही मागणी तुमच्या यादीत घ्या. पुढाऱ्यांनी ती घेतली, पण नाखुशीने. मालकांसमोर विषय निघाला तेव्हा त्यांनी हात झटकले : हा अन्याय असेल, पण तो आम्ही केलेला नाही. त्यांचं बोलणं अर्धं खरं होतं, म्हणूनच ते जास्त बोचतं. हे सगळं मी वाचलं होतं, आणि लेखाचा ओघ तुटेल म्हणून गाळलं.

पुढच्याच वर्षी, १९२९च्या संपाला बाबासाहेबांनी विरोध केला. डाव्या लेखनात या विरोधाकडे अजूनही फूट म्हणून पाहिलं जातं. ज्यांना आत घेतलंच नव्हतं ते फुटणार कसे? तरीही ७ नोव्हेंबर १९३८ला औद्योगिक तंट्यांच्या विधेयकाविरुद्ध बाबासाहेबांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट एकत्र आले आणि एक दिवसाचा संप झाला. हे विधेयक संपाच्या हक्कावरच घाला घालणारं होतं. त्या दिवसाबद्दल मला विलक्षण आदर वाटतो. दहा वर्षांपूर्वी ज्यांची मागणी नाखुशीने यादीत घेतली गेली, ती माणसं सगळ्यांच्या हक्कासाठी रस्त्यावर उतरली होती.

(वाइंडिंग आणि रिळ खात्यातल्या बायकांबद्दलही मी फार थोडं लिहिलं. एकेकाळी साधारण पाच कामगारांमागे एक बाई होती, नंतर ही संख्या घसरत गेली. त्यावर वेगळा लेख लिहीन.)

आता संपाबद्दल. १८ जानेवारी १९८२ला सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले, आणि तो संप अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. तुमचे वडील त्या अडीच लाखांतले. ‘कुठे थांबायचं हे कोणी आम्हाला विचारलं नाही,’ हे त्यांचं वाक्य तुम्ही दिलंत. त्यावर माझ्याकडे उत्तर नाही. माघारीची वाट ठेवलीच नव्हती, ही संपाचे पुढारी डॉ. दत्ता सामंत यांची चूक होती असं मलाही वाटतं.

पण संपाने गिरण्या बुडाल्या हे मी मानत नाही, आणि त्याचं कारण अहमदाबाद आहे. तिथे १९२०पासून मजूर महाजन ही गिरणी कामगारांची संघटना होती, गांधीजींच्या शिकवणीतून उभी राहिलेली, तंटा लवादाने सोडवणारी. मुंबईसारखा संप तिथे झाला नाही. तरीही ऐंशीच्या दशकात अहमदाबादच्या गिरण्या एकामागून एक बंद पडल्या. संप हेच कारण असतं तर अहमदाबाद वाचायला हवं होतं.

दुखणं जुनं होतं. हातमागाला संरक्षण म्हणून १९५६मध्ये सरकारने गिरण्यांचे माग वाढवण्यावर बंधन घातलं. मधली जागा हातमागाऐवजी यंत्रमागाने पटकावली. भिवंडीसारख्या गावांत छोट्या छोट्या शेडमध्ये माग विभागले, की कारखान्याचे कायदे लागू होत नव्हते आणि मजुरी गिरणीपेक्षा कितीतरी कमी पडत होती. मालकांनी नफा जुनी यंत्रं बदलण्यात घालण्याऐवजी दुसऱ्या धंद्यांत वळवला. संप चालू असताना तर भिवंडीत विणलेलं कापड गिरणीचा शिक्का मारून विकलं गेलं. संपाने गिरण्यांचं मरण जवळ आणलं, एवढं मी मान्य करीन.

कामगार सामंतांकडे का गेले, हेही पाहा. १९४६च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याने मालकांशी बोलण्याचा हक्क एकाच मान्यताप्राप्त संघटनेला दिला. ती होती राष्ट्रीय मिल मजदूर संघ. तिच्यावर विश्वास उरला नाही तरी कामगाराला तिच्याच तोंडून बोलावं लागे. तुमचे वडील बदली कामगार होते, असं तुम्ही लिहिलंय. रोज दारावर जाऊन उभं राहायचं आणि काम मिळालं नाही तर परत यायचं, अशा माणसाने गाऱ्हाणं कोणाकडे न्यायचं? संपाच्या मागण्यांत पगारवाढीबरोबर बदलीवाल्यांना कायम करा हेही होतं, आणि तो कायदा रद्द करा हेही.

शिवाय गिरण्या बुडाल्या म्हणताना जमीन बुडाली नाही, हे ध्यानात ठेवा. १९९१च्या विकास नियमावलीतल्या ५८व्या नियमाने गिरण्यांच्या जागेचे तीन वाटे ठरवले : पालिकेला, म्हाडाला (सरकारच्या घरबांधणी मंडळाला) आणि मालकाला. २००१मध्ये नियम असा बदलला, की वाटणी फक्त मोकळ्या जागेची. गिरणीच्या आवारात मोकळी जागा असते किती? बहुतेक जमीन मालकांकडेच राहिली आणि मार्च २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यावर शिक्कामोर्तब केलं. तुमच्या वडिलांचा राग मी समजू शकतो, पण तो फक्त सामंतांवर संपू नये.

लेखात दुरुस्ती करायला घेतली आहे. तुमची परवानगी असेल तर तुमची ती एक ओळ जशीच्या तशी घालीन. आजोबा कुठल्या खात्यात होते, कितव्या पाळीला जायचे, हे घरात कोणाला ठाऊक असेल तर कळवा. १९२८च्या परिच्छेदात त्यांच्यासाठी जागा सोडून ठेवली आहे.