शेव-परमलच्या पुडीतले गृहस्थ

काल संध्याकाळी आमच्या इंदुरात ठेल्यावर शेव-परमल, म्हणजे शेव-कुरमुरे, खाल्लं. तळाशी दोन-चार दाणे आणि मिरचीचा तुकडा अडकला होता म्हणून पुडी उलगडली, तर आतून एक गृहस्थ माझ्याकडे बघत होते. शेवेच्या तेलानं त्यांचा डावा गाल आरपार झालेला. खाली नाव, वडिलांचं नाव, जन्मतारीख, नंदानगरातला घर नंबर, रक्तगट ओ पॉझिटिव्ह, सही. ड्रायव्हिंग लायसन्सची झेरॉक्स, दोन्ही बाजू. त्याच पानावर खाली आधार, बाराच्या बारा आकडे ठणठणीत. कोपऱ्यात पेनानं मोबाइल नंबर. आणि या सगळ्यावर तिरपी रेघ ओढून त्या भल्या माणसानं स्वतःच्या हातानं लिहिलेलं: 'केवल लोन हेतु'.

केवल लोन हेतु! अहो, यात लसणाची शेव होती.

माझ्या सख्ख्या भावाचा रक्तगट मला ठाऊक नाही आणि या माणसाचा झाला. मी ठेलेवाल्याला विचारलं, "भिया, ये कागज कहाँ से लाते हो?" तो म्हणाला, "रद्दी से. क्यों, मिर्ची ज़्यादा हो गई क्या?" नाही म्हटलं, मिर्ची बराबर आहे, यावर एका माणसाचं आधार आहे. त्यानं पुडीत डोकावून पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं, आणि अगदी समजूतदारपणे म्हणाला, "आपका है?" माझं नाही म्हटल्यावर त्याच्या दृष्टीनं विषय संपला. वर मला वाईट वाटलं असेल म्हणून थोडं परमल आणखी दिलं, फुकट, नव्या पुडीत. ती पुडी कुणाच्या तरी वीजबिलाची होती. म्हणजे पत्त्याचा पुरावाही हाती आला.

आमचं इंदूर २०१७पासून स्वच्छतेत देशात पहिलं. प्लास्टिकची पिशवी दिसली की दंड. म्हणून कागद. म्हणून रद्दी. म्हणून 'केवल लोन हेतु'.

एरवी मी हसून सोडूनही दिलं असतं. पण काल माझं लायसन्स हरवल्याचा अकरावा दिवस होता, आणि ठेल्यावर मी आलो होतो तो थेट झेरॉक्सच्या दुकानातून, आधारची सहावी प्रत काढून.

लायसन्स हरवलं गेरमध्ये, म्हणजे आमच्या रंगपंचमीच्या मिरवणुकीत. हो, गेरमध्ये पाकीट घेऊन गेलो होतो. आता जे वाक्य तुमच्या तोंडावर आलंय ते मला गेल्या अकरा दिवसांत बायको, दोन्ही मेहुणे, पोलीस ठाण्यातला शिपाई, झेरॉक्सवाला, खालच्या मजल्यावरचे काका आणि कचरागाडीवरचा पोरगा या सगळ्यांनी ऐकवून झालंय: "भिया, गेर में पर्स कौन ले जाता है?" मी नेतो. रंगपंचमीला राजवाड्यासमोर टँकरचा पाइप अंगावर येत असताना माणसाकडे ओळखपत्र असावं असं मला वाटतं. चुकलं का? ठीक आहे, चुकलं. पुढे ऐका.

पहिल्या दिवशी वाटलं, कुणी तरी आणून देईल. पण गेर संपली की पालिकेचे लोक दोन-तीन तासांत रस्ता असा लख्ख करतात की तिथे काही झालं होतं यावर विश्वास बसू नये. गुलाल गेला, चपला गेल्या, माझं पाकीटही त्यातच गेलं असणार. चामड्याचं पाकीट ओल्या कचऱ्यात जातं की सुक्या, यावर घरात अर्धा तास वाद झाला. हिचं म्हणणं, भिजलेलं होतं म्हणजे ओला.

दुय्यम प्रत काढायची गोष्ट मी थोडक्यात सांगतो, कारण लांबवली तर माझं बीपी चढतं. आधी पोलिसांकडे हरवल्याची नोंद. मग पोर्टल. पोर्टल म्हणतं, लायसन्स नंबर टाका. अहो, लायसन्स हरवलंय! बरं, जुन्या विम्याच्या फाइलीत एक प्रत सापडली, नंबर टाकला. आता ओटीपी. तो गेला माझ्या २०११ सालच्या मोबाइल नंबरावर, जो मी कधीच सोडला. बंद केलेला नंबर कंपन्या नव्वद दिवसांनंतर दुसऱ्याला देऊ शकतात, तेव्हा या जगात कुणी तरी एक माणूस आहे ज्याला गेले अकरा दिवस माझे ओटीपी येताहेत. तो तरी शांत झोपत असेल अशी आशा आहे.

नंबर बदलायला आधार. आधार जुळवायला नाव. आणि नाव जुळत नाही, कारण आमच्या आडनावात 'ळ' आहे. या प्रांतात ळ आला की समोरचा माणूस आधी आ वासतो, मग ल लिहितो. इंग्रजीत गेलं की आणखी मजा: आधारवर दोन ए, लायसन्सवर एकच. चार पिढ्या माळव्यात गेल्या आमच्या. आजोबा होळकरांच्या राज्यात कारकून होते, फाइलीवर मोडीत सह्या करायचे, कुणी अडवलं नाही. मी एका जास्तीच्या 'ए'पायी तीन खिडक्या फिरलो.

मुलगी पुण्याहून फोनवर म्हणते, "बाबा, पण कार्ड हवंय कशाला? डिजिलॉकरमधलं चालतं." मला माहीत आहे गं बाई. २०१८च्या नोव्हेंबरात नियमच बदललाय, मोबाइलवरचं लायसन्स पोलिसांनी ग्राह्य धरायचं. पण डिजिलॉकरलाही तेच नाव जुळायला हवं ना! तिथेही तोच ए! ती म्हणाली, "ओरडून काय राहिलाय?" आणि मग स्वतःच हसली, कारण हे आमचं इंदुरी 'राहिलाय' तिच्या सासरी वर्ज्य आहे.

पण माझा खरा राग कार्डावर नाहीच. राग झेरॉक्सवर आहे.

या देशात कुठलंही काम झेरॉक्सशिवाय होत नाही आणि दिलेली झेरॉक्स कधीही परत मिळत नाही. सिम घ्यायलाही २०२३पर्यंत झेरॉक्स. लॉजवर रात्र काढा, झेरॉक्स. नातवाला पोहायच्या तलावावर घाला, त्याची, बापाची आणि आजोबांची झेरॉक्स. आजोबांची कशाला? आजोबा काठावर बसणार आहेत. मी विचारलं की हे कागद नंतर कुठे जातात? काउंटरवरची मुलगी म्हणाली, "फाइल में." फाइल कुठे जाते ते मला काल कळलं.

आणि झेरॉक्सवाले! "व्हॉट्सॲप कर दो अंकल." केलं. त्याच्या कॉम्प्युटरच्या पडद्यावर पाहिलं तर कॅलेंडरातल्या लक्ष्मीचा चेहरासुद्धा दिसत नव्हता, इतकी आधारं, पॅन, लायसन्सं, लग्नाच्या पत्रिका आणि एका मुलीची दहावीची गुणपत्रिका. मी म्हटलं, माझं काम झालं की पुसून टाक. तो म्हणाला, "अंकल, आपका तो पिछले साल का भी पड़ा है, दुबारा भेजने की ज़रूरत ही नहीं थी." सेवा म्हणून सांगत होता हो!

उज्जैनला लॉजवर मी मोठ्या ऐटीत मास्क्ड आधार काढलं होतं, शेवटचे चारच आकडे दिसणारं. मॅनेजरनं ते उजेडात धरलं. "बाकी नंबर क्यों मिटाए? नकली है क्या?" त्याला मी २०२२ची गोष्ट सांगायला घेतली. त्या वर्षी २७ मे रोजी आधारवाल्यांच्याच बंगळूरच्या कचेरीनं पत्रक काढलं होतं, की बाबांनो, झेरॉक्स वाटत सुटू नका, मास्क्ड द्या. आणि २९ तारखेला वरून ते पत्रक मागे घेतलं गेलं. का, तर लोक चुकीचा अर्थ काढतील! दोन दिवस हा देश शहाणा होता. मॅनेजर म्हणाला, "सर, पीछे लाइन है." दिला पूर्ण नंबर. महाकालाच्या दारात कोण भांडणार.

ई-आधारच्या फाइलीला पासवर्ड असतो, माहीत असेलच. नावाची पहिली चार इंग्रजी अक्षरं आणि जन्मसाल. म्हणजे ज्याच्या हातात तुमच्या आधारची झेरॉक्स आहे त्याला सोडून बाकी कुणालाही ती फाइल उघडता येऊ नये, अशी चोख व्यवस्था.

असं सगळं मी पाच-सहा दिवसांपूर्वी रात्री मुलीला फोनवर तावातावानं सांगत होतो. आवाज चढलेला, ही आतून "हळू, हळू" करतेय. मुलीनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "बाबा, गेरच्या रात्री तुम्ही ग्रुपवर काय टाकलं होतंत?"

टाकलं होतं. विम्याच्या फाइलीतल्या त्या प्रतीचा फोटो, नंबर, पत्ता, जन्मतारीख, सहीसकट. खाली: 'हे लायसन्स हरवले आहे, सापडल्यास कृपया कळवावे', आणि माझा मोबाइल नंबर. कुटुंबाच्या ग्रुपवर. कॉलनीच्या गणेशोत्सवाच्या ग्रुपवर. मॉर्निंग वॉकवाल्यांच्या ग्रुपवर. नाटकाच्या तिकिटांच्या ग्रुपवर, ज्यात दोनशेच्या वर माणसं आहेत आणि मी त्यातल्या नवांना ओळखतो. आणि मागच्या वर्षी शिर्डीच्या सहलीसाठी 'सर्वांनी आपापले आधार ग्रुपवर टाकावे' हा मेसेज कुणाचा होता, हेही तिनं विचारलं. सदतीस आधारं आली होती. मी अंगठे दिले होते सगळ्यांना.

बरं. मग मी शहाणा व्हायचं ठरवलं, आणि तिथून गोष्ट आणखी बिघडली.

संचार साथी या सरकारी पोर्टलवर गेलो. आपल्या नावावर किती सिम आहेत ते तिथे दिसतं, बहुतेक राज्यांत एका माणसाला नऊपर्यंत चालतात. माझ्या नावावर चार निघाले. तीन ओळखीचे. चौथ्याचे आकडे पाहून माझ्या अंगावर काटा आला. हाच तो! माझ्या लायसन्सवर घेतलेलं चोराचं सिम! 'हा माझा नंबर नाही' वर बोट दाबलं, विजयी मुद्रेनं चहा मागितला. मग आधारचं बायोमेट्रिक लॉक केलं, कारण माणसाच्या अंगठ्याचे ठसे उतरवून त्याच्या खात्यातले पैसे काढतात, हे मी पेपरात वाचलंय. ओटीपी हिच्या फोनवर आला. आधारला हिचाच नंबर जोडलेला आहे.

दोन दिवसांनी हिला कंपनीचा मेसेज: आपल्या क्रमांकाची फेरतपासणी करा, नाही तर सेवा बंद होईल.

पंचवीस वर्षं मी हिला नंबर लावतोय, पण तो लावतो नावावरून. आकडे कोण पाहतं?

सिमच्या दुकानात गेलो. मालक मी, तेव्हा अंगठा माझा. अंगठा लागेना. मशीन पुसलं, अंगठा पुसला, दुसऱ्या हाताचा लावला. मागे रांग. मग आठवलं, लॉक. उघडायला ओटीपी. ओटीपी हिच्या फोनवर, ही घरी. दुकानातल्या मुलाच्याच फोनवरून, कारण माझी बॅटरी संपलेली, हिला फोन केला: "अगं, आत्ता सहा आकडे येतील ते सांग."

ही म्हणाली, "कोण बोलतंय?"

"मी!"

"यांचा नंबर हा नाही. आणि ओटीपी कुणालाही सांगायचा नाही, असं यांनीच सांगितलंय." फोन बंद.

हसली असेल. नक्की हसली. पण दुकानातला मुलगाही हसला ते मला जास्त लागलं.

असो. तर काल ती पुडी. दोन्ही पुड्या मी घडी करून खिशात घातल्या, त्याच ठेल्यावर परत कशा द्यायच्या? घरी आल्यावर वाटलं, या नंदानगरच्या गृहस्थांना सांगायला हवं. आपण निदान कळवू, की बाबा, तुमचे कागद रद्दीत आलेत. बायोमेट्रिक लॉक करा, क्रेडिट रिपोर्ट काढून बघा, वर्षातून एकदा फुकट मिळतो, तुमच्या नावावर नवं कर्ज तर नाही ना. काही गडबड दिसली तर १९३०ला, सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, फोन करा. हे सगळं मी कागदावर मुद्देसूद लिहून घेतलं आणि कोपऱ्यातल्या नंबरावर फोन लावला.

उचलला. मी अत्यंत सभ्य हिंदीत म्हटलं, "जी नमस्ते, आप अमुक बोल रहे हैं? पिताजी का नाम अमुक? जन्मतारीख यह? आपके आधार के बारे में ज़रूरी बात करनी थी."

पलीकडे क्षणभर शांतता. मग गृहस्थ म्हणाले, "भिया, शकल से नहीं तो आवाज़ से तो शरीफ़ लगते हो. इस उमर में ये धंधा?"

मी घाईघाईनं शेव-परमलचं सांगायला लागलो. तेवढ्यात त्यांनी घरातल्या कुणाला तरी हाक मारली, "सुन, वो उन्नीस सौ तीस वाला नंबर लगा," आणि माझा फोन कापला.

परत लावला, तर ब्लॉक.