रामा शेट्टी ओरडला असता तर?

परवा रात्री झोप येईना म्हणून 'अर्धसत्य' परत लावला, कितव्यांदा ते विचारू नका. आणि परत तेच झालं. ओम पुरी अख्खा पिक्चर खांद्यावर घेऊन चालतो आणि दुसऱ्या दिवशी डोक्यात फिरत राहतो तो त्यातला गुंड रामा शेट्टी. मोजके सीन आहेत हो सदाशिव अमरापूरकरांना त्यात! ओम पुरीचा पोलीसवाला वेलणकर पकडायला जातो तर हा माणूस घाबरत नाही, चिडत नाही, साधा आवाजही चढवत नाही, दारात आलेल्या वसुलीवाल्याला 'उद्या या' म्हणून वाटेला लावावं तसं बोलतो आणि इन्स्पेक्टर हात हलवत परत. १९८३ सालची गोष्ट आहे ही. व्हिलन म्हणजे अड्डा, चमकणारे दिवे आणि गडगडाटी हसणं असा तो जमाना. त्यात हा लुंगीतला माणूस शांतपणे बसलाय, आणि भीती त्याचीच जास्त वाटते.

आता जरा विषयांतर. हा पिक्चर हिंदी म्हणायचा, पण कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा विजय तेंडुलकरांची, त्यातली कविता दिलीप चित्र्यांची, आणि अमरापूरकर आपल्या नगरचे. दिग्दर्शक गोविंद निहलानींनी त्यांना 'हँड्स अप' या मराठी नाटकात पाहिलं आणि उचललं. म्हणजे मालमसाला बराचसा आपल्याच घरचा होता!

तर, १९८४ ला सहाय्यक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं आणि मग हिंदीवाल्यांनी काय केलं? ज्या माणसाने न ओरडता घाबरवलं त्याला ओरडायला लावलं. १९८७ चा 'हुकूमत' तुफान चालला आणि नंतर तसल्याच भूमिकांची रांग लागली. डोळे वटारा, हिरोच्या बापाला मारा, शेवटी मार खा. काही पिक्चर तर मी अर्ध्यात बंद केलेत, खोटं कशाला बोलू.

पण 'इंडस्ट्रीने त्यांना वाया घालवलं' हे जे सगळे सरसकट म्हणतात ना, ते मला अर्धंच पटतं. 'सडक'मधली महाराणी बघा, कोठा चालवणारी तृतीयपंथी. साडी, टाळ्या, सगळंच भडक, दुसरा कोणी असता तर नुसती नक्कल झाली असती, लोक हसले असते. इथे हसू येता येता घशात अडकतं. खलनायकासाठीचं फिल्मफेअर तेव्हा नवीनच सुरू झालं होतं आणि ते पहिलंवहिलं त्यांनाच मिळालं, १९९२ ला. आणि 'कुली नंबर वन'मधला लग्न जुळवणारा शादीराम घरजोडे? रामा शेट्टी आणि हा एकच माणूस आहे, हे माझ्या भाच्याला पटतच नव्हतं.

'भारत एक खोज' या टीव्ही मालिकेत जोतिबा फुले कोणी केले होते आठवतंय का? यांनीच. त्याआधी '२२ जून १८९७' या मराठी पिक्चरमध्ये टिळक. टिळक आणि फुले दोन्ही करून बसलेला माणूस, आणि आपल्या लक्षात काय, तर हिरोने मारलेली फाईट.

पडद्याबाहेरही गडी गप्प बसणारा नव्हता. २०१३ ला राज्यात दुष्काळ होता आणि इकडे मुंबईत होळीच्या रेन डान्समध्ये पाणी नासतंय म्हणून हटकायला गेले तर त्यांनाच मारहाण झाली, पेपरात आलं होतं. वय त्रेसष्टला टेकलेलं. पुढच्याच वर्षी, नोव्हेंबर २०१४ मध्ये गेले.

त्याच २०१३ मध्ये चार दिग्दर्शकांच्या चार गोष्टींचा 'बॉम्बे टॉकीज' आला, त्यातली दिबाकर बॅनर्जींची गोष्ट कोणी बघितली नसेल तर आजच बघा. नवाजुद्दीनला शूटिंगमध्ये नुसतं हिरोला धडकून पुढे जायचं काम मिळतं, एवढंच. आणि तिथे कचऱ्याच्या डब्यापाशी त्याच्या आयुष्यातला एक मेलेला नाटकवाला अवतरतो आणि तेवढ्याशा कामाची तालीम करत नाहीस म्हणून पोराला झापतो. तो नाटकवाला म्हणजे अमरापूरकर. आणि हो, इथेही काही मिनिटंच आहेत त्यांना.