फान वार्मरडाम यांनी स्वतः अभिनय का करू नये? : एका आक्षेपाला उत्तर

आपण चित्रपट नीट पाहून मनापासून लिहिले आहे, म्हणून उत्तरही थोडे विस्ताराने देत आहे. डच पटकथाकार-दिग्दर्शक आलेक्स फान वार्मरडाम स्वतःच्या चित्रपटांत भूमिका घेऊन आपल्याच पोळीवर तूप ओढतात, आणि त्यांनी केवळ लेखन केले असते तर ते अधिक मोठे ठरले असते, असा आपला आक्षेप आहे. तो मला पटत नाही.

मुळात ते आधी लेखक होते आणि नंतर त्यांना नट होण्याची हौस आली, असे घडलेलेच नाही. ॲमस्टरडॅमला चित्रकला शिकून ते सत्तरच्या दशकात 'हाउझर ओर्काटर' या संगीत-नाट्य करणाऱ्या मंडळीतून पुढे आले. १९८६ साली 'आबेल' हा पहिला चित्रपट त्यांनी लिहिला आणि दिग्दर्शित केला, तेव्हा घराबाहेर पाऊल न टाकणाऱ्या, कात्रीने उडत्या माशीचे दोन तुकडे करू पाहणाऱ्या एकतीस वर्षांच्या मुलाचे कामही त्यांनीच केले.

आता तुपाविषयी. 'दे नोर्डरलिंगेन'मध्ये ते लोकांची पत्रे चोरून वाचणारा पोस्टमन आहेत. 'दे युर्क'मध्ये स्त्रियांना छळणारा, पाहताना शिसारी यावी असा रेल्वेतला तिकीट तपासनीस आहेत. आणि वारशाच्या आशेने नोकर बनून राहिलेल्या माणसांच्या 'एमा ब्लांक'मध्ये (२००९) तर त्यांच्या वाट्याला घरातल्या कुत्र्याचे काम आहे. स्वतःची हौस भागवणारा लेखक स्वतःसाठी अशा भूमिका लिहीत नाही.

'ओबर'वर (२००६) आपण सर्वांत कठोर लिहिले आहे, आणि मला नेमका तोच चित्रपट माझ्या बाजूचा साक्षीदार वाटतो. उद्दाम गिऱ्हाइके, आजारी बायको आणि नकोसे झालेले प्रेमप्रकरण यांनी पिचलेला वेटर एडगर थेट आपल्या पटकथाकाराच्या दारात जाऊन उभा राहतो आणि आपल्या वाट्याला असे आयुष्य का लिहिले, म्हणून जाब विचारतो. एडगरचे काम दुसऱ्या कुणी केले असते, तर ही कल्पना कागदावरची चलाखी होऊन बसली असती. येथे मात्र खरा लेखक पात्राच्या जागी उभा राहून लेखकाच्या मनमानीबद्दल दाद मागतो, आणि ती मनमानी त्याच्याच अंगावर येते. हा अर्थ केवळ शब्दांतून आला नसता; त्यासाठी तोच चेहरा हवा होता.

जेथे स्वतःची गरज नाही, तेथे ते बाजूला होतात, हेही आपण विचारात घ्यावे. २०१३ साली कान महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत ३८ वर्षांनी डच चित्रपट पोहोचला, तो त्यांचा 'बोर्गमान'. त्यातील मध्यवर्ती भूमिका त्यांनी यान बेयफूट या बेल्जियन नटाला दिली आणि स्वतःकडे एक लहान काम ठेवले.

'श्नायडर व्हर्सस बाक्स'मधील (२०१५) लेखक बाक्सच्या भूमिकेबद्दल आपले म्हणणे मला पुष्कळसे मान्य आहे. तेथे दुसरा नट चालला असता, कारण त्या कथेचा डाव श्नायडर आणि बाक्स यांच्यातला आहे, लेखक आणि त्याचे पात्र यांच्यातला नाही.