संमतीपत्रातल्या अटी शेजाऱ्यांच्याही आहेत

महोदय, सप्रेम नमस्कार.

तापीकाठच्या एका गावातील कारखान्याच्या सांडपाण्याने बिघडलेल्या विहिरींविषयी मी जे लिहिले, त्यावर आपले तीन आक्षेप आहेत: कारखान्याकडे प्रदूषण नियंत्रण मंडळाचे रीतसर संमतीपत्र आहे, तो बंद पडला तर पंचक्रोशीतल्या पोरांना पुन्हा सुरतेची वाट धरावी लागेल, आणि तक्रारींचे पुढे काहीच होत नसल्याने मी लोकांना निष्फळ खटाटोपाला लावतो आहे. आपण स्वतः उद्योगात आयुष्य घालवल्याचे लिहिले आहे, म्हणून सविस्तर उत्तर देतो.

संमतीपत्राचा मुद्दा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण गावकरीसुद्धा त्या कागदापुढे गप्प बसतात. १९७४ च्या जल (प्रदूषण प्रतिबंध व नियंत्रण) अधिनियमाच्या कलम २५ नुसार मिळणारी संमती सांडपाणी कोठे, किती व कोणत्या प्रतीचे सोडायचे याच्या अटींनी बांधलेली असते. अट मोडून रात्री नाल्यात सोडलेल्या पाण्याला त्या संमतीचे संरक्षण मिळत नाही. याच कलमानुसार मंडळाने या अटींची नोंदवही ठेवायची असते आणि त्या सांडपाण्याची झळ पोचलेल्या कोणाही माणसाला ती पाहण्याचा हक्क असतो. ही तरतूद आपल्याकडे फारशी कोणाला माहीत नाही, याचे मला फार वाईट वाटते. शिवाय सांडपाणी प्रक्रिया यंत्रणा प्रत्यक्ष चालू असल्याशिवाय अशी संमती लागणारा उद्योग चालवता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये बजावले आहे. ती नुसती बांधून ठेवणे पुरेसे नाही.

रोजगाराचा प्रश्न मी हलका मानत नाही. जळगावच्या डाळ गिरण्या आणि चटयांचे कारखाने किती घरांच्या चुली पेटवतात, हे मी जवळून पाहतो. तरीही सार्वजनिक उपद्रवातून काही सोय किंवा लाभ होतो एवढ्यावरून तो क्षम्य ठरत नाही, असे भारतीय न्याय संहितेचे कलम २७० सांगते आणि जुन्या दंड संहितेतही हेच होते. त्या गावाने कारखाना बंद करा असे म्हटलेलेही नाही. यंत्रणा चालवा आणि तोवर टँकर द्या, एवढीच त्यांची मागणी आहे.

तक्रारींचे काही होत नाही, या आपल्या अनुभवाशी मी बराचसा सहमत आहे. मात्र बहुतेक तक्रारी तोंडी असतात, किंवा बाटलीत भरलेल्या पाण्याच्या भरवशावर केलेल्या असतात. मंडळाच्या अधिकाऱ्याने घेतलेला नमुनासुद्धा जल अधिनियमाच्या कलम २१ ची रीत पाळली नसेल तर न्यायालयात पुरावा म्हणून चालत नाही: कारखानदाराला तशी सूचना देणे, त्याच्यासमोर नमुन्याचे दोन भाग करणे, ते मोहोरबंद करून त्यावर दोघांच्या सह्या घेणे. त्यामुळे पाणी सुटते त्या वेळी अधिकाऱ्याला बोलावून रीतसर नमुना घ्यायला लावणे, हेच गावाचे खरे काम आहे. मंडळ हलले नाही, तर त्याच अधिनियमाच्या कलम ४९ नुसार कोणीही नागरिक मंडळाला ६० दिवसांची नोटीस देऊन स्वतः दंडाधिकाऱ्यांकडे फिर्याद दाखल करू शकतो. अशी फिर्याद दाखल झाल्यावर सार्वजनिक हिताचे कारण दाखवल्याखेरीज मंडळाला आपल्याकडील अहवाल फिर्याद करणाऱ्यापासून दडवता येत नाहीत. बिघडलेल्या पाण्याशी झगडणाऱ्या गावासाठी याहून मोलाची तरतूद मला या कायद्यात दिसलेली नाही.

दिरंगाईने मात्र खरेच नुकसान होते. पर्यावरणाचे खटले चालवणाऱ्या पुण्याच्या हरित न्यायाधिकरणाकडे अर्ज करायची मुदत तक्रारीचे कारण प्रथम घडल्यापासून सहा महिन्यांची आहे आणि सबळ कारण दाखवले तर आणखी ६० दिवस मिळतात. साहेब येतील म्हणून दोन पावसाळे थांबलेल्या गावाला ही वाट उरत नाही. नुकसानभरपाईसाठी पाच वर्षांची मुदत असल्याने केळीच्या बागा गेलेल्यांना तो मार्ग अजून मोकळा आहे, पण त्यासाठी पंचनामे आणि पोच घेतलेले अर्ज हाताशी हवेत.

आपल्या ओळखीचा एखादा कारखानदार आपल्या संमतीपत्रातील अटी ग्रामपंचायतीच्या फलकावर लावायला तयार असेल, तर जरूर कळवावे. त्या गावच्या सरपंचांशी मी बोललो आहे आणि ते फलक मोकळा करून द्यायला तयार आहेत.